आनेस्तिसच्या पेटीतली हाडं

दफनभूमीला जागा पुरेना, म्हणून त्या मार्चमध्ये वाथिरेमा गावानं भिंतीपलीकडचा उतार सपाट करायला घेतला. माती उपसणाऱ्या यंत्राच्या दातांखाली एका सकाळी माणसाची कवटी आली. यंत्र चालवणारा खाली उतरला आणि टोपी हातात घेऊन उभा राहिला. खड्ड्यात ना शवपेटी होती, ना क्रूस. गुडघे छातीशी ओढून, हात हनुवटीखाली घेऊन कुणीतरी एका कुशीवर पडलेलं होतं. घाईघाईत कोंबल्यासारखं.

बातमी ऐकताच पार्थेनाआजी चुलीवरचं भांडं उतरवून, काठी घेऊन सरळ उतारावर आली. तिचं वय त्र्याऐंशी. यादवी युद्धात, ती अकरा वर्षांची असताना, तिच्या थोरल्या भावाला, आनेस्तिसला, घरातून नेलं होतं. कुणी म्हणे नदीकाठी गोळी घातली, कुणी म्हणे दफनभूमीच्या मागे. देह काही मिळाला नाही. आई त्याची वाट बघत गेली, बाप गेला, आणि मग वाट बघायचं काम पार्थेनाकडे आलं.

ती खड्ड्याशी वाकली. "दात बघा," म्हणाली. "एक पडलेला नाही. तरुण होता."

मातीतून कुणीतरी एक पांढरी गोल चकती उचलून दिली, मधोमध भोक असलेली. आजीनं ती एप्रनच्या टोकाला पुसली आणि मुठीत धरली. "त्याच्या सदऱ्याचं बटण. आईनं लावलेलं." त्यानंतर वाद घालायला कुणाची जीभ रेटली नाही.

दुसरीकडे कुठे अशी हाडं निघाली असती तर लोकांनी पोलिसांना बोलावलं असतं. वाथिरेमात हाडं म्हटली की ती धुवायची असतात. इथे माणूस पुरला की काही वर्षांनी त्याला पुन्हा वर काढतात, हाडं पाण्यानं स्वच्छ करतात, वर लाल वाइन ओततात, नाव लिहिलेल्या पेटीत रचतात आणि पेटी अस्थिगृहाच्या फळीवर आईबापांच्या शेजारी ठेवतात. तोवर मेलेला माणूस घरी पोचला असं कुणी मानत नाही. बायकांनी त्या संध्याकाळी तेच केलं. पार्थेनाआजीनं स्वतःच्या हातांनी एकेक हाड धुतलं, कवटीच्या कपाळाचा मुका घेतला आणि बहात्तर वर्षं साठवलेलं रडून घेतलं. पेटीवर आनेस्तिसचा एकुलता एक फोटो लागला.

सगळं तिथेच संपायचं; पण उपसलेल्या मातीच्या ढिगात शेजारच्या शेतकऱ्याला गुळगुळीत घासलेली दगडी कुऱ्हाड सापडली, आणि ती बघायला जिल्ह्याच्या संग्रहालयातून स्टेर्गिओस आला. जाडजूड, मृदू आवाजाचा माणूस. अस्थिगृहात त्याला ते बटण दिसलं, आणि त्यानं ते उजेडाकडे धरून फिरवून पाहिलं.

"आजी, हे बटण नाही. शिंपल्याचा मणी आहे हा. फार जुना."

"माझ्या आईला शिंपल्याचीच बटणं आवडायची," पार्थेनाआजी म्हणाली.

पुढच्या आठवड्यात तो मारिआंथीला घेऊन आला.

मारिआंथी सव्वीस वर्षांची होती. थेस्सालोनिकीच्या एका प्रयोगशाळेत ती जुन्या हाडांमधली जनुकं वाचायची. आपण काय करतो हे ती घरच्यांना अजून नीट समजावू शकली नव्हती; त्यामुळे अस्थिगृहात दोन म्हाताऱ्या लाकडी खुर्च्या टाकून आपल्याकडे रोखून बघताहेत हे दिसल्यावर तिनं उगाच पिशवीची चेन उघडून पुन्हा लावली.

"डॉक्टर का गं तू?" पार्थेनाआजीनं विचारलं.

"नाही आजी. म्हणजे, तशी नाही."

"मेलेल्यांची आहे ती डॉक्टर," दुसरी म्हातारी म्हणाली. "आपल्याला लवकरच उपयोगाची."

ही वाइया. भिंतीला भिंत लागून राहणारी शेजारीण, पार्थेनाआजीच्याच वयाची. वाइयाचं घराणं मूळचं इथलं. पार्थेनाचे आईबाप १९२३ साली काळ्या समुद्राच्या पलीकडच्या काठावरून, पॉन्टसहून, निर्वासित म्हणून बोटीनं आलेले. या गोष्टीला शंभर वर्षं होत आली तरी वाइयाच्या तोंडून ती गेली नव्हती.

"घे बाई काय घ्यायचं ते," ती मारिआंथीला म्हणाली, "पण ऐक, हा उतार आमच्या पणजोबांचा. हिचे लोक काल आले. काल आलेल्याचा भाऊ आमच्या उतारात कसा निघेल?"

"काल आलो म्हणून तुम्हाला मासे तळता यायला लागले," पार्थेनाआजी म्हणाली. "त्याआधी नुसते उकडून खायचात. मांजरं तोंड लावायची नाहीत."

मारिआंथीनं समजावून सांगितलं. कानाच्या मागे, कवटीच्या तळाशी एक हाड असतं, शरीरातलं सगळ्यात कठीण. त्याच्या पोटात बारीक छिद्र पाडून चिमूटभर भुकटी काढायची. बाहेरून काही दिसणार नाही. आणि आजींच्या गालाच्या आतून एका काडीनं थोडी लाळ घ्यायची, म्हणजे दोन्ही ताडून बघता येईल.

"आणि कळेल? तो आहे का ते?"

"कळेल."

"मग घे. पण आधी मला सांगायचं. या जाड्याला नंतर." स्टेर्गिओसनं मान डोलावली. "मला बाकी काही नको, पोरी. मी जाण्याआधी तो या फळीवर आलाय की नाही, एवढंच. आलाय म्हणालीस तर मी निवांत डोळे मिटीन."

मारिआंथीनं हातमोजे चढवले, मास्क लावला, आणि मग तिला विचारायचं सुचलं. "आजी, कवटीला कुणी उघड्या हातांनी शिवलंय का?"

"शिवलंय? मी मुका घेतलाय. धुतलीय, पुसलीय, तिच्यावर रडलेय. तू काय केलं असतंस?"

मारिआंथीनं वहीत तशी नोंद केली. तिच्या धंद्यात हाडावर नुसता श्वास पडला तरी लोकांची झोप उडते.

निघताना वाइयानं तिची बाही धरली. "माझीही थुंकी घेऊन जा. बघू या एकदाचं, कोण जुनं आणि कोण नवं."

*

आईकडून येणारा एक धागा असतो. पेशींच्या आतल्या मायटोकॉन्ड्रिया नावाच्या कणांमध्ये तो असतो आणि बापाचा त्याच्याशी काही संबंध नसतो. आई तो आपल्या मुलामुलींना देते. मुलगे तो पुढे देऊ शकत नाहीत, मुली देतात. त्यात साडेसोळा हजारांच्या वर अक्षरं असतात. भाऊ आणि बहीण यांच्यात ती सारखी असायला हवीत, कारण आई एकच.

पहिल्या चाळणीत त्या हाडाच्या भुकटीतून धाग्याचे काही भागच वाचता आले. जेवढे वाचता आले तेवढे सगळे पार्थेनाआजीशी जुळले.

मारिआंथीनं दिलेला शब्द पाळला, आणि तोही जरा घाईनं. तिनं फोन केला. "आजी, आईकडचा धागा जुळतोय. पण हे अजून पक्कं नाही, पुढच्या तपासण्या..." पलीकडून फोन टेबलावर ठेवल्याचा आवाज आला, आणि मग दूरवर खिडकी उघडून कुणीतरी ओरडल्याचा: "वाइया! अगं वाइया! तोच आहे!"

प्रयोगशाळेची प्रमुख आर्गिरो हे ऐकून डोक्याला हात लावून बसली. "जुळतंय? अगं, त्या बाईनं कवटी धुतलीय, तिच्यावर रडलीय. तू त्यांचीच लाळ त्यांना परत दिलीस. उद्या सांगशील की आजी स्वतःच पेटीत आहेत."

ती म्हणत होती त्यात तथ्य होतं, आणि म्हणूनच मारिआंथीला ते झोंबलं. पण त्यावर उपायही ठाऊक होता. माणूस मेल्यावर हा धागा तुटत जातो. जितका काळ जास्त, तितके तुकडे आखूड; आणि तुकड्यांच्या टोकांशी एक ठरावीक अक्षर झिजून दुसऱ्या ठरावीक अक्षरासारखं दिसू लागतं. परवाच्या मुक्यातून आलेले तुकडे लांब आणि कोरेकरकरीत असतात. तेव्हा कोरे सगळे फेकून द्यायचे, झिजलेले तेवढे ठेवायचे आणि नव्यानं वाचायचं.

तिनं तसं केलं. जूनच्या पहिल्या आठवड्यात एका दुपारी निकाल पडद्यावर आला.

बहुतेक तुकडे झिजलेलेच होते, आणि इतके की बहात्तर वर्षांत ते शक्य नव्हतं. पुरुषाच्या गुणसूत्राचा मागमूस नव्हता. पेटीत होती ती बाई होती. हे दोन्ही बघून मारिआंथीनं हात कळफलकावरून उचलले. तिच्या डोळ्यांपुढे ती उघडलेली खिडकी आली.

आता आईकडचा धागा उरला होता. आजीचा संबंध तुटला हे उघडच होतं. आधीचं जुळणं म्हणजे आर्गिरो म्हणाली तशी लाळच असणार. तिनं केवळ कामात कसूर नको म्हणून झिजलेल्या तुकड्यांमधून जुळवलेला धागा आजींच्या धाग्याशेजारी मांडला.

तो जुळला. साडेसोळा हजार अक्षरांमध्ये फरक होता दोन अक्षरांचा.

तिनं पुन्हा तपासलं. मग तिसऱ्यांदा. दोन्ही ठिकाणी हाडातलं अक्षर जुनं होतं आणि आजींचं नवं. म्हणजे धागा तोच होता, आजींपर्यंत येता येता त्यात दोन जागी बदल झाला होता, बस्स.

हा धागा फार हळू बदलतो. आईकडून लेकीकडे जाताना बहुतेक वेळा जसाच्या तसा जातो. साधारण तीन-चार हजार वर्षांत एखादं अक्षर चुकतं. मारिआंथीनं हे परीक्षेत लिहिलं होतं, पुढच्या विद्यार्थ्यांना शिकवलं होतं, आणि आत्ता पहिल्यांदा तिला त्याचा अर्थ लागल्यासारखं वाटलं. संध्याकाळी स्टेर्गिओसचा फोन आला: आजींच्या परवानगीनं हाडाचा एक छोटा तुकडा वय काढायला वेगळा पाठवला होता, त्याचं वय ठरलं होतं. आठ हजार वर्षं, थोडी जास्तच.

दोन अक्षरं. आठ हजार वर्षं.

तिनं कागद न घेता मनातच हिशेब केला. एका आईपासून लेकीपर्यंत पंचवीस-सत्तावीस वर्षं धरली तर मध्ये तीनशेच्या आसपास बायका होत्या. तिला आधी वाटलं आपलं काहीतरी चुकतंय. आठ हजार वर्षं म्हटल्यावर लाखो माणसं डोळ्यांपुढे येतात. पण या एका ओळीत फक्त तीनशे! वाथिरेमाच्या चर्चच्या आवारात त्या सगळ्या मावल्या असत्या आणि दाराशी ये-जा करायला जागाही उरली असती. त्यातली प्रत्येक बाळंतपणातून वाचली होती. प्रत्येकीला मुलगी झाली होती आणि ती मुलगी मोठी झाली होती. दुष्काळ, साथी, लढाया, गलबतं. ओळ कुठेही तुटली नव्हती. एकदा जरी तुटली असती तर आजींच्या गालात फिरवलेली ती काडी ओली झाली नसती.

आर्गिरो मागून येऊन पडद्याकडे बघत उभी राहिली. एरवी ती बोलल्याशिवाय राहत नाही. आज तिनं फक्त खुर्ची ओढली आणि शेजारी बसली.

*

पार्थेनाआजीनं टेबल मांडून ठेवलं होतं. पॉन्टसकडच्या लोकांचं ते आंबूस दह्याचं आणि गव्हाचं सूप, वर पुदिना. पाव, ऑलिव्ह, छोट्या ग्लासांमध्ये त्सिपुरो, द्राक्षांची कडक दारू. वाइया आधीच येऊन बसली होती. पेटीवर आता नुसता फोटो नव्हता, त्याच्या नावाची पितळेची पट्टीही आली होती, हे गाडीतून उतरताच मारिआंथीच्या कानावर आलं होतं.

ती बसली नाही. उभ्या उभ्याच म्हणाली, "आजी, तो आनेस्तिस नाही."

सूप वाढणारी पळी भांड्याच्या काठावर टेकली.

"फोनवर तर जुळलं म्हणालीस!" वाइया म्हणाली.

"जुळलं ते खरंच आहे. पण मी घाई केली. ती हाडं फार जुनी आहेत. आणि ती... ती बाई आहे."

"बाई," पार्थेनाआजी म्हणाली. तिनं पळी नीट आडवी ठेवली. "मी तिला आनेस्तिस म्हणून हाक मारली."

वाइयानं हातातला ग्लास खाली ठेवला.

"म्हणजे तो अजून बाहेरच आहे," आजी म्हणाली, आणि मागचं दार उघडून अंगणात गेली.

वाइयाला टोमणा सुचला नाही असं पहिल्यांदाच होत असावं. ती उठली, सूप खाली लागू नये म्हणून ढवळत राहिली आणि खिडकीतून बाहेर बघत राहिली. "कोंबड्यांशी बोलतेय," ती हळूच म्हणाली. "राहू दे. येईल. तू बस."

आजी आली तेव्हा तिचे डोळे कोरडे होते, हात ओले. तिनं तिघींचे वाडगे भरले, स्वतः बसली, आणि मग मारिआंथीकडे बघितलं. "आता बोल. भाऊ नाही तर कोण आहे ती? माझी कोण लागते म्हणून जुळलं?"

मारिआंथीनं सांगितलं. तीनशे आयांपर्यंत ती आली तेव्हा आजीनं तिला थांबवलं.

"तीनशेच?"

"साधारण. थोड्या इकडेतिकडे."

"तीनशे म्हणजे आपल्या गावच्या उत्सवाला जमतात तेवढ्या." आजीनं बोटांवर काहीतरी मोजलं. "आठ-नऊ मेंढरांत जेवण होईल त्यांचं."

"दहा लागतील," वाइया म्हणाली. "सगळ्या बाळंतिणी आहेत."

"आणि त्या सगळ्या माझ्या?"

"हो. फक्त एक आहे आजी, पेटीतली बाई तुमच्या ओळीतली थेट आईच आहे असं मी सांगू शकत नाही. ती असेल, किंवा तिची बहीण असेल, मावसबहीण असेल. दोघींचा धागा एकाच आईकडून निघालाय आणि ती आई या बाईच्या वेळची किंवा थोडी आधीची. एवढं नक्की."

पार्थेनाआजीनं सुपात पाव बुडवला आणि तो तसाच धरून ठेवला. "पण माझी आई पलीकडून आली. बोटीनं. तिची आई, तिची आई, सगळ्या तिकडच्या. मग ही इकडे कशी?"

मारिआंथी या प्रश्नाची वाट बघत होती. वाटेत गाडी चालवताना तिनं तो स्वतःला कितीदा तरी विचारला होता. "हीसुद्धा तिकडूनच आली. ही नाही तर हिची आई, नाहीतर आईची आई. जगात पहिल्यांदा शेती करणाऱ्या लोकांपैकी ते होते. बियाणं घेऊन, शेळ्यामेंढ्या घेऊन अनातोलियातून निघाले, समुद्र ओलांडला आणि इथे, या नदीच्या काठांवर घरं बांधली. मग त्यांची मुलंबाळं इथून वर सरकत गेली. डॅन्यूब, जर्मनी, फ्रान्स, पार इंग्लंडपर्यंत. त्या सगळ्या देशांतल्या माणसांत आजही यांचा अंश आहे. कुणात जास्त, कुणात कमी."

"आणि आम्ही?"

"मला वाटतं, एक बहीण निघाली आणि एक तिथेच राहिली. राहिलेलीच्या लेकी पुढे कधीतरी काळ्या समुद्राकडे गेल्या. हा माझा अंदाज आहे. दुसरंही काही घडलं असेल. पण दोन धागे शेजारी ठेवले की असंच दिसतं."

"एक निघाली," आजी म्हणाली, "आणि आठ हजार वर्षांनी दुसरीला हाकलून लावलं तेव्हा ती त्याच उताराशी येऊन पोचली." ती हे असं म्हणाली की जणू कुणा ओळखीच्या कुटुंबाची हकिकत सांगतेय. तिच्या हातातल्या पावाचा तुकडा सुपात गळून पडला तरी तिचं लक्ष नव्हतं.

वाइयानं ग्लास रिकामा केला. "बरं झालं. हिची बहीण निघाली. आता माझं सांग. मी तर इथलीच."

"वाइयाकाकू, तुमच्यात या शेतकऱ्यांचा वाटा मोठा आहे."

"बघ!"

"पण त्यांच्यावर आणखी दोन थर आहेत. त्यांच्यानंतर तीनेक हजार वर्षांनी उत्तरेच्या गवताळ मैदानांतून गाड्या आणि गुरं घेऊन लोक आले, त्यांचा बराच आहे. आणि वरून स्लाव लोकांचा. ते तर तेरा-चौदाशे वर्षांपूर्वीचे."

"म्हणजे?"

"म्हणजे तू पण काल आलीस," पार्थेनाआजी म्हणाली. "तू दुपारी, मी संध्याकाळी."

वाइयानं रिकामा ग्लास पुन्हा भरला. "मग इथलं म्हणून कोण आहे गं?" तिनं विचारलं, आणि आता तिच्या आवाजात थट्टा नव्हती.

"शेतकऱ्यांच्याआधी शिकार करणारे होते. त्यांचाही अंश आहे, तुमच्यात थोडा जास्त. पण तेही कुठूनतरी आलेलेच. कुठूनही न आलेलं असं अजून कुणी सापडलेलं नाही."

तिघी सूप प्यायल्या. बाहेर कोंबड्या कटकट करत होत्या. मारिआंथीला कितीतरी वेळानं भूक लागली होती.

"कशी होती दिसायला?" आजीनं विचारलं.

"केस काळे असावेत, डोळे गडद तपकिरी. वय पंचवीस-तीस. दूध पचत नसणार तिला. दही-ताक चाललं असेल."

"मलाही दूध पचत नाही!"

"तसं ते निम्म्या जगाला पचत नाही, आजी."

"निम्म्या जगाचं मला काय सांगतेस? मला पचत नाही आणि तिला पचत नव्हतं." आजी पहिल्यांदा हसली, आणि हसता हसता तिच्या डोळ्यांतून पाणी आलं, ते मात्र भावासाठी होतं हे तिघींनाही कळलं.

*

संग्रहालय हाडं नेणार होतं. स्टेर्गिओसनं ते सांगायला दोनदा घसा खाकरला. पार्थेनाआजीनं नाही म्हटलं नाही; पेंटेकॉस्टच्या सणाआधीचा, मृतांचा शनिवार होऊ दे, एवढीच अट घातली. त्या दिवशी चर्चमध्ये प्रत्येक घर आपल्या मेलेल्यांची नावं पाद्र्याला देतं आणि तो ती मोठ्यानं वाचतो.

पाद्री, पापा-झिसिस, चिठ्ठी बघून थबकला. "पार्थेना, इथे काय लिहिलंयस? 'आणि ती बाई'? नाव हवं."

"नाव तिला होतं. मला माहीत नाही."

"अगं, बाप्तिस्मा झालेला नाही तिचा! ख्रिस्ताच्या सहा हजार वर्षांआधीची ती!"

"ती तिची चूक नाही. उशीर त्याला झाला."

मागच्या बाकावर वाइया हसू दाबता दाबता ठसकली. पापा-झिसिसनं तिच्याकडे रागानं बघितलं, चिठ्ठीची घडी केली आणि गाभाऱ्याच्या दाराकडे वळला. नावं वाचता वाचता पार्थेनाच्या घरापाशी आला; आईबाप झाले, आनेस्तिस झाला. मग क्षणभर थांबून, आवाज न चढवता, तो म्हणाला, "आणि जिचं नाव, प्रभू, तुलाच ठाऊक आहे." पार्थेनाआजीनं क्रूसाची खूण केली. मारिआंथी चर्चमध्ये सहसा जात नसे, पण तिनंही केली.

दुपारी अस्थिगृहात आजीनं एकेक हाड पांढऱ्या कापडात गुंडाळून स्टेर्गिओसच्या खोक्यात ठेवलं. आनेस्तिसची पेटी फळीवरच राहिली, रिकामी, फोटो आणि पट्टीसकट. पट्टी काढू का, असं स्टेर्गिओसनं विचारलं तेव्हा आजीनं त्याच्याकडे नुसतं बघितलं.

"आणि आता उताराचं काय?" तिनं विचारलं. "यंत्र येणार पुन्हा?"

"यंत्र? नाही, आजी! यंत्र आता विसरा. एक थडगं निघालं म्हणजे शेजारी घरं असणार, आणखी माणसं असणार. सगळा उतार आम्ही हातानं खणणार. ब्रशनं, चाळणीनं. चार-पाच वर्षं जातील."

"सगळा?"

"भिंतीपासून ओढ्यापर्यंत."

"वरचे थरसुद्धा?"

"वरूनच सुरुवात करावी लागते."

आजी मारिआंथीकडे वळली. तिच्या चेहऱ्यावर जे आलं ते मारिआंथीला आधी समजलं नाही आणि मग एकदम समजलं. वाइयानं तिला सांगितलं होतं: आईबाप गेल्यापासून दफनभूमीमागचा हा उतार कुणीतरी खणावा म्हणून ही बाई सरकारी दारं झिजवत होती, आणि प्रत्येक दारावर तिला सांगितलं होतं की एका माणसासाठी डोंगर खणता येत नाही.

"वरच्या थरात कुणी निघालं तर तू ताडून बघशील?"

"प्रत्येक हाड. आणि या वेळी सगळं वाचून झाल्याशिवाय फोन करणार नाही."

"आणि मी नसले तर?"

"तुमचा धागा आमच्याकडे आहे. तो राहील."

आजीनं खोक्यावर हात ठेवला, कापडाखालच्या कवटीच्या जागी. "ऐकलंस का गं?" ती आतल्या बाईला म्हणाली. "तुझ्यामुळे खणताहेत."

जुलैत खणणं सुरू झालं. भिंतीलगतच्या तुतीच्या सावलीत पार्थेनाआजी रोज सकाळी खुर्ची टाकून बसू लागली, शेजारी वाइया, मध्ये टरबुजाच्या फोडी. सुट्टी काढून आलेली मारिआंथी चाळणीवर होती. पहिल्या पंधरवड्यात वरच्या थरांतून खिळे निघाले, एक तुर्की नाणं, बाटल्यांच्या काचा. मग उताराच्या एका कोपऱ्यात, जिथे वरची माती यंत्रानं आधीच नेली होती, जळलेल्या चुलीची काळी राख लागली, आणि राखेतून मारिआंथीच्या चाळणीत काहीतरी राहिलं.

ती ते तळहातावर घेऊन तुतीपाशी आली. कोळशासारखे काळे, पोटावर बारीक चीर असलेले, अजून आकार न मोडलेले दाणे.

"गहू," ती म्हणाली. "तिच्या वेळचा."

दोघी म्हाताऱ्या वाकल्या. वाइयानं श्वास रोखून धरला, फुंकर लागली तर उडेल म्हणून. पार्थेनाआजीनं चष्मा पुढे ओढला आणि खूप वेळ बघत राहिली. पेरणीसाठी बी निवडताना बघतात तसं.

"चांगला भरलाय दाणा," ती शेवटी म्हणाली. "जपून ठेव." मग ती मागे टेकली, आणि काठीनं भिंतीलगतचा, अजून न उघडलेला, गवतानं झाकलेला पट्टा दाखवला. "आता तिकडे खणा."